बारा मिनिटांची बारी

“जन्मतारीख कुठली सांगू मॅडम, खरी का शाळेतली?”

नोकरीच्या शेवटच्या वर्षात मी हा प्रश्न इतक्या वेळा ऐकला, की पुढे पुढे मीच आधी सांगून टाकायचे, शाळेतली सांगा. आमच्याकडे पन्नाशीच्या पुढचा बघाल तो माणूस एक जूनला जन्मलेला. पोरगं शाळेत घालायला नेलं की मास्तर त्याला डोक्यावरून हात नेऊन पलीकडचा कान धरायला लावत. कान हाताला लागला म्हणजे पोरगं सहा वर्षांचं झालं, लिहा एक जून. खरी तारीख आईला विचारावी तर ती सांगणार, पोळ्याच्या आदल्या दिवशी झालास. आता पोळा कुठल्या रकान्यात भरायचा?

ऑफिसात मला सगळे सुषमाताई म्हणत. पाठीमागे काय म्हणत तेही मला ठाऊक होतं, कारण मी तापट आहे आणि ते मी कधी लपवलं नाही. नाशिकला अंबडच्या बाजूला एका इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर आमचं ग्राहकसेवा केंद्र होतं. आधी मी टेलिफोनच्या तक्रारी घेतल्या, मग बँकेच्या कार्डांच्या, आणि निवृत्तीआधीची सहा वर्षं एका व्हिडिओ गेमच्या. गेमचं नाव सांगता येणार नाही, तसं लिहून दिलंय. गेम परदेशी. त्यात मारामारी फारशी नाही. मोकळी जमीन मिळते, ती खणायची, बांधायची, पिकवायची. नदी अडवली तर पाणी साठतं, उतार दिला तर वाहतं. मी स्वतः तो कधी खेळले नाही, पण आमच्या नातेवाइकांची आजही खात्री आहे, की ही बाई दिवसभर ऑफिसात गेम खेळायची आणि वर पगार घ्यायची.

आमचं काम खेळाचं नव्हतंच, दाराचं होतं. प्रत्येक खेळाडूचं एक खातं असतं. नाव आणि पासवर्ड टाकला की ते उघडतं. पासवर्ड विसरला तर मोबाइलवर एक आकडा येतो, तो टाकायचा. मोबाइलच बदलला असेल तर जन्मतारीख, खातं कधी उघडलं, असं विचारत विचारत खात्री करायची, की हा माणूस तोच आहे. एवढंच काम. पण हा माणूस तोच आहे की नाही, हे फोनवरून ठरवणं किती अवघड, ते त्या खुर्चीत बसल्याशिवाय कळत नाही.

अशात जुन्या कंपनीनं तो गेम दुसऱ्या कंपनीला विकला. गॅसची एजन्सी बदलली की कॉलनीतल्या सगळ्यांना पुस्तक घेऊन नव्या काउंटरवर जावं लागतं, तसं जगभरच्या खेळाडूंना आपलं खातं नव्या कंपनीकडे हलवायचं होतं. मुदत तीन महिने. तेवढ्यात जे खातं हलणार नाही ते पुसलं जाणार, आतल्या घरादारासकट. पहिल्या सोमवारी सकाळपासून आमचे फोन वाजायला लागले, ते थांबायचं नाव घेईनात.

त्र्यंबकेश्वरचे एक गुरुजी होते. दिवसभर यजमानांच्या पूजा, आणि मधल्या वेळात गेममध्ये किल्ला बांधणं. त्यांचा पासवर्ड एका स्तोत्राच्या ओळींच्या पहिल्या अक्षरांचा होता, आणि तो आठवायचा तर स्तोत्र पहिल्यापासून चालीत म्हणावं लागे. आम्हाला ग्राहकाचा पासवर्ड ऐकायचीसुद्धा परवानगी नाही. मी म्हटलं, गुरुजी, मनातल्या मनात म्हणा. ते म्हणाले, मनात म्हटलं की सातव्या ओळीला घसरतो. शेवटी मी फोन टेबलावर उपडा ठेवला आणि चहा घेऊन आले. परत येते तर गुरुजी किल्ल्यात पोचलेले आणि फोनवर मला आशीर्वाद देतायत.

नांदगावच्या एका ऑफिसातल्या हेडक्लार्क बाई खात्याचं नाव सांगायलाच तयार नव्हत्या. शेजारी साहेब बसलेत म्हणाल्या. बरीच कुजबुज झाल्यावर त्यांनी ते मेसेज करून पाठवलं: ‘खूँखार वाघीण’. मी अगदी अदबीनं म्हटलं, वाघीणबाई, तुमचं काम झालं, जा आता शिकारीला.

पण मला लिहायचंय ते वेगळ्याच माणसाबद्दल, आणि त्याची सुरुवात माझ्या चुकीनं होते.

खाती हलवता हलवता नव्या कंपनीला त्यातली खोटी खाती गाळायची होती. काही लोक गेम स्वतः खेळतच नाहीत. ते मशीनला शिकवून ठेवतात. मशीन न थकता शेतं पिकवतं आणि हे आयता माल विकतात. अशा मशीनी खेळाडूला बॉट म्हणतात. दर शुक्रवारी आमच्याकडे संशयित खात्यांची यादी यायची, तुमच्या भागातली ही खाती बंद करू ना, असं विचारायला. एका शुक्रवारी त्या यादीत सटाण्याकडची अकरा खाती होती. अकराही एकाच मोबाइल नंबरवर. अकराही जन्मतारखा एक जून. सकाळी नऊला पहिलं खातं थोडा वेळ उघडायचं, मग बाकीची दहा ओळीनं, प्रत्येकी बरोबर बारा मिनिटं. मी दहा सेकंदांत ‘बंद करा’वर बोट ठेवलं. जेवायची वेळ झाली होती. एक जूनचे किस्से सगळ्यांना रंगवून सांगणारी मी, निदान मी तरी थांबायला हवं होतं.

चार दिवसांनी फोन आला. आवाज म्हाताऱ्या माणसाचा, शांत. “ताई, मी नथू आबा बोली ऱ्हायनू. आमनं पानी बंद व्हई गयं.”

मी म्हटलं, काका, हे पाणीपुरवठ्याचं ऑफिस नाही. ते म्हणाले, ठाऊक शे, गेमचं शे ना, तेच पानी. मी नंबर टाकून पाहिला, आणि ती अकरा खाती समोर आली. मी रोजच्या सुरात सांगितलं, की तुमची खाती मशीन चालवतंय असं कंपनीचं म्हणणं आहे, ईमेल येईल, वाट बघा.

“मशीन नई शे ताई,” ते म्हणाले. “मानसे शेतस. आठेच बठेल शेतस.”

माणसं आहेत, इथेच बसलेली आहेत. मागे खरोखर माणसांची हालचाल ऐकू येत होती, कुणीतरी खोकलं. माझा चेहरा एकदम उतरला असणार, कारण शेजारच्या मुलीनं पाण्याचा ग्लास पुढे केला.

पुढच्या दोन दिवसांत आबांनी मला सगळं समजावलं. अर्धं अहिराणीत, अर्धं माझ्यासाठी मराठीत. मोसम नदीकाठचं त्यांचं गाव. नदीवर जुना दगडी बंधारा, बंधाऱ्यातून पाट काढलेला, पाटावर गावाची शेतं. त्या सगळ्याला फड म्हणतात. मी उभा जन्म नाशिकमध्ये काढला आणि हा शब्द मला नवा होता. फडातलं पाणी एकाचं नाही, सगळ्यांचं, म्हणून ते बारीनं घ्यायचं. आपली बारी आली की पाटाला आपल्या शेताचं तोंड फोडायचं, वेळ झाली की बुजवायचं. एका फेरीत वरच्या शेतापासून सुरुवात, पुढच्या फेरीत खालच्या शेतापासून, म्हणजे शेवटी राहण्याचं दुःख कुणा एकाच्या वाट्याला येत नाही. ही बारी चालवणारा तो पाटकरी. त्यांच्या गावात रीत अशी, की पाटकऱ्याची स्वतःची जमीन त्या पाटावर नसावी. नाहीतर त्याचा हात आपल्या शेताकडे वळायचा. आबांच्या घरात पाटकरीपण तीन पिढ्यांचं. तीन पिढ्यांत जमीन गुंठाभरही नाही. हंगामाला शेतकरी धान्य घालत, त्यावर घर चाले.

पुढे नदी आटली, ज्याची त्याची विहीर आणि बोअर झाली, फड मोडला. आबा नुसतेच बसून राहिले. पाच वर्षांपूर्वी ते पडले, खुब्याचं हाड मोडलं. त्यांची मुलगी सटाण्यात शाळेत शिकवते. म्हातारा अंथरुणात स्वस्थ पडावा म्हणून तिनं टॅबलेटवर हा गेम घालून दिला. म्हाताऱ्यानं पंधरा दिवसांत नदी अडवली.

भेटायला येणारे जुने शेतकरी बघत बसले. मग एकेकानं विचारलं, मन्हं वावर कोठे शे? माझं शेत कुठंय? आबांनी प्रत्येकाला त्याचं शेत आखून दिलं, खरं होतं तिथेच, तेवढंच. मुलीनं प्रत्येकाचं खातं काढलं. तेव्हा एका नंबरवर कितीही खाती चालत. जन्मतारखा त्यांनी दाखल्यावरच्या सांगितल्या. तेव्हापासून रोज सकाळी नऊला बुद्धविहाराशेजारच्या आबांच्या ओट्यावर दहा जणं जमायला लागली. ज्यांच्या शेतांपर्यंत आबांनी जन्मभर पाणी नेलं, ती माणसं आता त्यांच्या दारी येऊन बसत. टॅबलेट एकच, हातोहात फिरायचा. आबा मांडीवर घड्याळ घेऊन बसायचे.

तपासणीसाठी मला बंद खात्यात बाहेरून डोकावता येत असे. त्या दिवशी मी आबांचं ते जग पहिल्यांदा उघडलं. मी काय सांगू! मला वाटलं होतं, चार चौकोन हिरवे केले असतील. तो बंधारा सरळ नव्हता, मध्ये थोडा वाकलेला होता. आबांना फोनवर विचारलं तर म्हणाले, नदी तेथे वळते ना. पाट टेकडीला धरून इतक्या बेतानं उतरत होता, की पाणी पळतही नव्हतं आणि थांबतही नव्हतं. एका शेताच्या कडेला चिंच, एकाच्या बांधावर मोडकी मोट, दोन शेतांच्या मधे एक दगड, ज्याला वळसा घालून पाट गेला होता. तो दगड का ठेवलात, असं विचारल्यावर ते म्हणाले, तो माझ्या आज्यालाही हलला नव्हता. मी तिथे खुर्चीत बसल्या बसल्या हात जोडले. शेजारची मुलगी हसली. मग तीही वाकून बघायला लागली, आणि हळूहळू आमचे आठही जण माझ्या पडद्याभोवती उभे राहिले. फोन वाजत होते, कुणी उचलत नव्हतं, आणि मी, तापट बाई, कुणावर ओरडले नाही.

मुदत संपायला बारा दिवस उरले होते. ती खाती उघडली नाहीत तर हे सगळं पुसलं जाणार होतं, आणि खरा फड तर आधीच गेलेला. त्या पाटाचा उतार आता त्या एका माणसाच्या डोक्यात आणि त्या एका गेममध्ये होता.

सुरक्षा विभागाचा प्रमुख आंद्रे नावाचा एक परदेशी गृहस्थ होता. आम्ही पडद्यावर भेटायचो. मी त्याला सगळं सांगितलं, ओट्यावरच्या माणसांचा फोटोही पाठवला. तो म्हणाला, फोटो चालत नाही. लोक माणसं भाड्यानं आणून कॅमेऱ्यापुढे बसवतात. गेमच्या नोंदीतलंच काहीतरी हवं, जे मशीन करणार नाही. मग त्यानं मला एक तक्ता दाखवला. दहा शेतं, पाच वर्षं, रोजची पाण्याची वेळ.

“यातल्या एकानंही कधी बारा मिनिटांच्या वर पाणी घेतलेलं नाही,” तो इंग्रजीत म्हणाला. “एकदाही दुसऱ्याच्या वेळेत दार उघडलेलं नाही. सुषमा, माणसं अशी वागत नाहीत.”

मला संताप आला. पण खरं सांगते, त्याचं म्हणणं अगदीच चूक नव्हतं. आमच्या लिफ्टपाशी चार माणसं धड रांगेत उभी राहत नाहीत. मी रोजची बघते ना. त्या प्रामाणिकपणापुढे मी जितकी थक्क झाले होते, तितकाच तोही झाला होता. फरक एवढाच, की त्यानं त्यावरून ती माणसं नाहीत असं ठरवलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊला मी आबांना फोन लावला. ओट्यावर सगळे जमलेले होते, सवयीनं. फोन मोठ्या आवाजावर होता. आंद्रे काय म्हणाला ते मी सांगितलं. कुणीतरी हसलं, दुसरं कुणी म्हणालं, मग आता काय चोऱ्या करायच्या का? मी म्हटलं, आबा, नीट आठवा. पाच वर्षांत कधी कुणी बारी मोडली का? एकदा तरी?

 

आबांनी उलट मलाच विचारलं, सांगितलं तर सगळ्यांची खाती उघडतील का. मी म्हटलं, खात्री देत नाही, पण माझ्याकडे दुसरं काहीच उरलेलं नाही. आता ते लोकांना उठवून घरी पाठवतील, निदान फोन घेऊन स्वतः आत जातील, असं मला वाटलं. त्यांनी तसं काही केलं नाही.

“मी मोडी,” आबा म्हणाले. “बारी मी मोडी.”

दोन वर्षांपूर्वी गावातले सगळे एका लग्नाला गेले होते. ओट्यावर कुणी नाही, टॅबलेट एकट्या आबांच्या हातात. सगळ्यात खालचं शेत यमुनाबाईंचं. त्याच्याही खाली आबांनी एक वाफा खणला. छोटासाच, म्हणाले, दारापुढच्या अंगणाएवढा. बंधारा उघडला आणि पाणी तिथवर नेलं. दुसऱ्या सकाळी यमुनाबाईंच्या बारीला पाणी त्यांच्या शेवटच्या सरीपर्यंत पोचलं नाही. यमुनाबाईंना वाटलं, टॅबलेट जुना झाला. आबांना त्या दिवशी जेवण गेलं नाही. संध्याकाळी त्यांनी तो वाफा बुजवून टाकला, वर गवत लावलं, आणि कुणाला सांगितलं नाही.

हे सगळं ते ज्यांच्यापुढे सांगत होते, त्यांच्या बापजाद्यांनी आबांच्या बापजाद्यांवर पाणी सोपवलेलं होतं. ओट्यावर काय झालं ते मला दिसत नव्हतं.  मी मान खाली घालून कागदावर तारीख लिहून घेतली.

आंद्रेच्या यंत्रणेनं दहा शेतांची दारं तपासली होती. अकरावं, म्हणजे आबांचं स्वतःचं खातं नुसतं बंधारा उघडण्यापुरतं होतं, त्याला शेतच नव्हतं, म्हणून ते कुणी उघडून पाहिलंच नव्हतं. मी तारीख सांगितली, तशी त्यानं माझ्यासमोर नोंद काढली. लग्नाचा दिवस, अकरावं खातं, खणलेला वाफा, पाणी. दुसऱ्या संध्याकाळी बुजवलेला.  तो म्हणाला, चोरी मी समजू शकतो, पण त्यानं तो वाफा बुजवला का? त्यात पीक येणार होतं. मी तिथल्या तिथे आबांना फोन लावला आणि प्रश्न मराठीत सांगितला.

“ते पानी यमुनाबाईनं व्हतं,” आबा म्हणाले.

ते पाणी यमुनाबाईंचं होतं, मी तसंच्या तसं इंग्रजीत सांगितलं. आंद्रेनं चष्मा काढला, पुसला, परत घातला. दुपारी तीनच्या आत अकराही खाती उघडली. तक्त्याखाली त्यानं एकच ओळ लिहिली होती, की ही माणसंच आहेत, आणि संशय घेतल्याबद्दल क्षमा.

नव्या कंपनीत एका नंबरवर एकच खातं चालत होतं. आबांच्या मुलीनं घरोघर फिरून कुणाच्या सुनेचा, कुणाच्या जावयाचा नंबर गोळा केला आणि दहा खाती हलवली. मी प्रत्येकाला आकडा येईपर्यंत फोनवर थांबले. अकरावं खातं आबांच्या स्वतःच्या नंबरवर होतं, तेही मी हलवून दिलं. पण आबा त्या दिवशी मला म्हणाले, आता घड्याळ यमुनाबाईंकडे दिलंय. बारी मोडणाऱ्यानं बारी चालवायची नसते. ते चिडून म्हणाले नाहीत, दुखावूनही नाही. नियम सांगावा तसं सांगितलं. फोन ठेवल्यावर मी स्वच्छतागृहात जाऊन रडले. जग वाचवलं म्हणून ऑफिसात पेढे वाटत होते, आणि मला वाटत होतं, आपण एका माणसाला त्याच्याच ओट्यावर उघडं पाडलं. शिवाय शुक्रवारी जेवायची घाई केली नसती तर हे काहीच घडलं नसतं, तेही होतंच.

हलवलेली खाती नीट चालतात का, हे आठवड्यानं पाहायची पद्धत असते. मी सटाण्याची नोंद उघडली, तर सलग दोन दिवस कुणीच पाणी घेतलेलं नव्हतं. बंधारा काठोकाठ भरलेला. तिसऱ्या दिवसापासून दहा बाऱ्या पुन्हा सुरू, बारा बारा मिनिटं. आणि दहाव्याच्या खाली एक अकरावी बारी होती. यमुनाबाईंच्या शेताखाली एक नवीन तुकडा दिसत होता. वाफा नव्हे, बाकीच्यांच्या बरोबरीचं शेत.

मी फोन लावला. यमुनाबाईंनी उचलला. मी त्यांच्याशी पहिल्यांदाच बोलत होते. त्या म्हणाल्या, दंड पाटकऱ्यानं आपला आपण नाही घ्यायचा, तो गावानं ठरवायचा. आम्ही ठरवला. आबांनी फडात शेत घ्यायचं आणि आपली बारी चालवायची, दहा जणांसारखी. ते ऐकेनात, रीत नाही म्हणाले. मग आम्हीही पाणी घेतलं नाही. दोन दिवस सगळे नुसते ओट्यावर बसून होतो, टॅबलेटला कुणी हात लावला नाही. तिसऱ्या दिवशी त्यांनी खणायला घेतलं. आणि घड्याळ, म्हणाल्या, मी परत त्यांच्या मांडीवर ठेवलं. मला डोळ्यांनी काटा दिसत नाही.

आबांची बारी आत्ताच चालू आहे, असं म्हणून त्यांनी फोन आबांकडे दिला. मला खूप काही बोलायचं होतं, आणि विचारलं ते भलतंच. आबा, काय पेरलंत, असं विचारलं.

“काहीच नई पेरं आजून,” ते म्हणाले. “मन्हा वावरमा पानी जाई ऱ्हायनं. ते देखी ऱ्हायनू.”

माझ्या शेतात पाणी जातंय, ते बघतोय.  त्यांची बारा मिनिटं पुरी होईपर्यंत मी लाइनवर तशीच थांबले.